सरकारकडे ठेवलेली अनामत

प्रकाशाचा इतिहास विचारला की लोक नदीकडे बोट दाखवतात. तापी आणि गोमाईचा संगम, केदारेश्वर, पुष्पदंतेश्वर, बारा वर्षांनी येणारा सिंहस्थ आणि ‘दक्षिण काशी’ हे नाव. सांगणारा थोडा वाचणारा असेल तर तो गावालगतच्या पांढरीच्या टेकाडाविषयी बोलतो. १९५४-५५ मध्ये भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या बा. कृ. थापर यांनी तिथे उत्खनन केले आणि ताम्रपाषाण काळापासूनच्या वस्तीचे थर एकावर एक सापडले.

मी ज्या इतिहासाबद्दल लिहिणार आहे, त्याला ना घाट आहे ना टेकाड. तो चलनाच्या कागदावर मावतो. आमच्या भागात शेतीखालोखाल भरवशाची गोष्ट म्हणजे सरकारी नोकरी. त्या नोकरीत शिरताना काही जणांना सरकारकडे आपले पैसे ठेवावे लागत, अजूनही लागतात. कोषागारातला रोखपाल, कोर्टाचा नाझर, पोस्टमास्तर, भांडारपाल, म्हणजे ज्याच्या हातून सरकारची रोकड, तिकिटे किंवा सामान जाते, तो माणूस. उद्या हिशेबात तूट आली तर भरून काढता यावी म्हणून ही अनामत. नोकरी संपली, हिशेब चोख निघाला, की ती परत मिळायची. अनामत कर्मचाऱ्याचीच आहे, हे सरकारने सहसा नाकारले नाही. भांडण झाले ते ‘कधी’ या एका शब्दावर, आणि उशीर झाला तर त्याची किंमत कोणी द्यायची यावर. दीडशे-दोनशे वर्षांचे कायदे आणि निकाल या प्रश्नाभोवती फिरलेले दिसतात.

आधी थोडे मागे जाऊ. खानदेश १८१८ मध्ये इंग्रजांच्या हाती गेला. त्यापूर्वीच्या मराठी कारभारात नेमणूक आणि जामिनकी हातात हात घालून चालत. जुन्या कागदांत हाजीर जामीन, माल जामीन, फैल जामीन असे जामिनांचे प्रकार भेटतात. एक जण माणूस हजर करण्याची हमी घेई, दुसरा पैशाची, तिसरा चालचलणुकीची. त्यासाठी जामीनकतबा लिहून घेत. पण आपल्या विषयाला जवळची गोष्ट वेगळीच आहे, ती म्हणजे रसद. कमाविसदाराला मामलत सांगताना सरकार त्याच्याकडून काही रक्कम आगाऊ घेई. पुढे वसूल येईल तशी तो ती फेडून घेई. या रकमेवर त्याला व्याज मिळे आणि ते सरकारी हिशेबात खर्ची पडे. रसद ही निव्वळ अनामत नव्हती. सरकारला रोकडीची नड असे आणि ती या वाटेने भागे. दुसऱ्या बाजीरावाच्या काळात मामलती जास्त बोली लावणाऱ्याला जाऊ लागल्या, तेव्हा या पद्धतीचे काय झाले हेही ठाऊक आहे. तरी एक गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. अधिकाऱ्याचे पैसे सरकारने वापरले, तर त्या काळाचे मोल द्यायचे असते, हा हिशेब मराठी दप्तराला नवा नव्हता.

इंग्रजी अमलात अधिकारी पगारी नोकर झाला आणि जामिनकीला कायद्याचे रूप आले. १८५० चा बारावा कायदा सार्वजनिक हिशेबनिसांच्या कसुरीबद्दलचा आहे. ज्याच्या ताब्यात कामानिमित्त पैसा येतो, त्या प्रत्येकाने जामीन द्यावा, असे तो सांगतो. पुढचे कलम जास्त बोलके आहे. हिशेबात तूट आली तर ती रक्कम जणू जमीन महसुलाची थकबाकी आहे असे समजून वसूल करता येईल, आणि तीही त्या माणसाकडून व त्याच्या जामीनदारांकडून. महसुलाची थकबाकी म्हणजे काय, हे शेतकरी गावात समजावून सांगावे लागत नाही. त्यासाठी आधी दावा लावावा लागत नाही. नोटीस निघते, जप्ती येते. १८७९ च्या मुंबई जमीन महसूल अधिनियमातही महसुली अधिकाऱ्यांच्या जामिनकीला स्वतंत्र प्रकरण दिले आहे.

आता पारडे उलटे करून पाहू. तूट काहीच नाही, हिशेब चोख आहे, माणूस घरी बसला आहे, आणि सरकार अनामत परत करत नाही. त्याने काय करायचे? जप्ती तर त्याला नेता येत नाही. त्याला दावा लावावा लागे.

सरकारवर दावा लावता येतो हेसुद्धा एकेकाळी वादाचे होते. १८६१ मध्ये कलकत्त्याला एका जहाज कंपनीच्या बग्गीचा घोडा सरकारी गोदीच्या कामगारांच्या हलगर्जीपणामुळे जखमी झाला, त्या प्रकरणात न्यायालयाने सरकारला जबाबदार धरले. सार्वभौम सत्तेची कामे वेगळी आणि कोणीही खासगी माणूस करू शकेल अशी कामे वेगळी, ही विभागणी तिथून रूढ झाली. नोकराच्या बाबतीत ती पुरत नसे, कारण नोकरीच मुळी सरकारच्या मर्जीवर असे. १८७१ च्या पेन्शन कायद्याने पेन्शनचे दावे दिवाणी कोर्टाच्या कक्षेबाहेर ठेवले. थकलेल्या पगाराचाही दावा सांगता येत नाही, असे प्रिव्ही कौन्सिलने १९४८ मध्ये आय. एम. लाल यांच्या प्रकरणात धरले. ते मत आपल्या सर्वोच्च न्यायालयाने १९५४ मध्ये अब्दुल मजीद या बिहारच्या फौजदाराच्या प्रकरणात बाजूला सारले.

या सगळ्यात अनामत वेगळी उठून दिसते. पेन्शन ही सरकारची कृपा मानली जात होती. पगारही, निदान सिद्धांतात, मर्जीचा होता. अनामत मात्र नोकराने स्वतःच्या खिशातून भरलेली होती. बापाने बैल विकून, सासऱ्याकडून उसने घेऊन, बायकोचे डाग मोडून भरलेली असेल, पण त्याची होती. नोकर आणि सरकार यांच्या नात्यात निखळ देणे-घेणे म्हणावे असे हे एकच कलम होते. म्हणून सिद्धांताने तिची वाट अडवली नाही. ती अडवली कामकाजाच्या पद्धतीने.

पहिली अडचण अंतराची. १८६९ च्या मुंबई दिवाणी न्यायालय कायद्याच्या बत्तिसाव्या कलमाप्रमाणे, सरकार किंवा सरकारी अधिकारी पक्षकार असलेला दावा दुय्यम न्यायाधीशाने दाखल करून घ्यायचा नसे. फिर्यादीला जिल्हा न्यायाधीशाकडे पाठवायचे. आमच्या लोकांसाठी याचा अर्थ धुळे. शेजाऱ्याने बांध कोरला तर तालुक्याचे कोर्ट, सरकारने पैसे अडकवले तर जिल्ह्याचे. बैलगाडीच्या काळात ही वाट एका दिवसाची नव्हती, आणि तारीख एकदाच पडते असेही नसे.

दुसरी अडचण नोटिशीची. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम ८० सांगते की सरकारवर दावा लावण्याआधी दोन महिन्यांची लेखी नोटीस द्यावी. हेतू चांगला आहे. सरकारने प्रकरण तपासावे, खरे देणे असेल तर देऊन टाकावे, कोर्टाची पायरी वाचावी. हे कलम किती कडक आहे ते ठरवणारा खटला आमच्या शेजारच्या मालेगावचा आहे. मालेगाव पूर्वी खानदेशातच होते. तिथे एप्रिल १९२१ मध्ये खिलाफत चळवळीच्या दिवसांत दंगा झाला. त्यानंतर जादा पोलीस बसवले आणि त्यांचा खर्च रहिवाशांवर लादला. भागचंद दगडूसा आणि इतरांनी ही वसुली थांबवण्यासाठी दावा लावला, पण दोन महिने पुरे होण्याआधी. वसुली दारात आली असताना दोन महिने थांबायचे कसे, हा त्यांचा प्रश्न साधा होता. १९२७ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने उत्तर दिले की कलमाचे शब्द स्पष्ट आहेत आणि त्याला अपवाद नाही. पुढे जवळपास पन्नास वर्षे हाच कायदा होता. विधी आयोगाने हे कलम काढून टाकण्याची शिफारस केली होती. १९७६ च्या दुरुस्तीत ते राहिले, पण तातडीच्या प्रकरणात कोर्टाच्या परवानगीने नोटिशीशिवाय दावा लावण्याची सोय झाली. सरकारला नोकराकडून येणे असले की दोन महिने थांबण्याचे बंधन नव्हते, हे सांगायलाच नको.

तिसरी अडचण मुदतीची. ती सर्वांत विचित्र आहे आणि मला सर्वांत बोलकी वाटते. १९०८ च्या मुदत कायद्याचे १४५ वे कलम तारण किंवा ठेव म्हणून दिलेली जंगम मालमत्ता परत मागण्यासाठी तीस वर्षे देत असे. ऐकायला ही मुदत फार उदार वाटते. पण ती मोजायची ठेव ठेवल्याच्या तारखेपासून. समजा विसाव्या वर्षी एक मुलगा कारकून म्हणून लागला, त्याने सरकारी रोखे अनामत म्हणून दिले आणि तो पंचावन्नाव्या वर्षी निवृत्त झाला. मधली वर्षे पस्तीस. अनामत मागण्याचा प्रसंग येण्याआधीच मुदत पाच वर्षांपूर्वी संपलेली! रोखे न देता रोख रक्कम दिली असेल तर ती ‘जंगम मालमत्ता’ की नुसते देणे, यावर वकील वाद घालत, कारण तसे पाहिल्यास मुदत तीन किंवा सहा वर्षांवर येई. १९६३ च्या मुदत कायद्याने हा घोळ मिटवला. आता मुदत तीन वर्षे आहे, पण ती मागणी केल्यावर नकार मिळाल्यापासून मोजायची. सरकारने स्वतःच्या दाव्यांसाठी मात्र १९०८ च्या कायद्यात साठ वर्षे ठेवली होती. १९६३ मध्ये ती तीस झाली. दोघांच्या घड्याळांतला हा फरक अजून तसाच आहे.

आता उशीर होतो कसा ते पाहू, कारण त्यामागे दर वेळी कोणाचा दुष्टपणा असतो असे नाही. केंद्र सरकारच्या वित्तीय नियमांत अशी तरतूद आहे की पद सोडल्यानंतर किमान सहा महिने अनामत रोखून ठेवावी, म्हणजे मागाहून काही तूट निघाली तर हाताशी असेल. जामीनपत्र तर कायमचे, किंवा त्याची गरज उरली नाही अशी खात्री होईपर्यंत, जपून ठेवायचे. सहा महिने समजण्यासारखे आहेत. पण सहाचे अठरा कधी होतात ते कळत नाही. जुन्या कार्यालयाकडून ना-देय प्रमाणपत्र हवे असते. तिथला साहेब बदललेला असतो. लेखापरीक्षणाचा एखादा आक्षेप निकाली निघायचा असतो. मूळ चलन हवे असते आणि ते तीन बदल्यांपूर्वीच्या फाइलमध्ये असते. त्यात कोषागाराचा आणखी एक नियम आहे. जमा असलेली ठेव तीन पूर्ण हिशेबी वर्षे कोणी मागितली नाही तर मार्चअखेर ती व्यपगत होऊन सरकारच्या खात्यात जाते. पैसे बुडत नाहीत, पण मग ते महालेखापालांच्या मंजुरीशिवाय हलत नाहीत. ज्यांनी अनामत म्हणून टपाल बचत खात्याचे पासबुक तारण दिले होते ते जरा सुखी, कारण उशीर झाला तरी त्यांचे व्याज खात्यात पडत राही. रोख भरणाऱ्याच्या पैशाला मात्र पालवी फुटत नसे.

आमच्या घरातले एक वडीलधारे असे रोख भरणारे होते. कार्यालयाचे नाव सांगण्याचे कारण नाही, अशी गोष्ट कोणत्याही कार्यालयात घडू शकली असती. ते १९६६ मध्ये रोखपाल म्हणून निवृत्त झाले. अनामत पाचशे रुपये. सहा महिने संपले तसे त्यांनी अर्ज केला, मग स्मरणपत्र, मग दुसरे स्मरणपत्र. त्यांच्या नकला घरच्या ट्रंकेत होत्या आणि मी त्या वाचल्या आहेत. अक्षर मोत्यासारखे, भाषा अतिशय नम्र, ‘मेहेरबान साहेबांनी कृपावंत होऊन’ अशा वळणाची. ज्या माणसाने पस्तीस वर्षे एका पैशाचा हिशेब चुकवला नाही, तो स्वतःचे पैसे मागताना कृपा मागत होता. शेवटी १९६९ मध्ये शहाद्याच्या एका वकिलाने कलम ८० ची नोटीस धाडली. दोन महिने पुरे होण्याआधी पाचशे रुपये आले. मुद्दल पुरते, वर एक पैसाही नाही. सहा टक्क्यांनी अडीच वर्षांचे व्याज पंचाहत्तर रुपये होत होते. वकील म्हणाले, काका, पंचाहत्तरसाठी दावा लावाल तर त्याहून जास्त खर्च येण्याजाण्यात जाईल, आणि निकाल काय लागेल तेही सांगता येत नाही.

वकिलांचे म्हणणे त्या वेळच्या कायद्याला धरून होते. १८३९ चा व्याज कायदा तेव्हा लागू होता. लेखी करारात देण्याची तारीख ठरलेली नसेल तर व्याज तेव्हाच, जेव्हा लेखी मागणी केली असेल आणि त्या मागणीत ‘यापुढे व्याज घेतले जाईल’ असे बजावले असेल. त्या नम्र अर्जांत ‘व्याज’ हा शब्द कुठेच नव्हता. पैसे अडकवून ठेवल्याची नुकसानभरपाई म्हणून व्याज मागावे, तर ती वाट प्रिव्ही कौन्सिलने १९३८ मध्ये बंगाल नागपूर रेल्वे विरुद्ध रतनजी रामजी या खटल्यात बंद केली होती. करार, रूढी किंवा कायदा यांपैकी कशाचा आधार नसेल तर दाव्यापूर्वीच्या काळाचे व्याज नुसत्या दिरंगाईसाठी मिळत नाही, हा त्याचा मथितार्थ. म्हणजे रसदेवर व्याज धरणाऱ्या मुलखात, दीडशे वर्षांनी, सरकारला उशीर फुकट पडत होता. आणि जे फुकट पडते ते आवरण्याची घाई कोणाला नसते.

हे बदलायला सुरुवात झाली ती सरकारच्या वागण्यावर बोट ठेवून. मुंबई उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती मो. क. छागला यांनी १९५० च्या दशकाच्या सुरुवातीला, कालूराम सीताराम या पेढीने केंद्र सरकारविरुद्ध लढवलेल्या खटल्यात, सरकारला चार गोष्टी सुनावल्या. नागरिकाचे म्हणणे न्याय्य आहे अशी खात्री असेल तर कायद्यातली पळवाट हाताशी असली तरी राज्याने ती वापरू नये, प्रामाणिक माणसासारखे वागावे, असे त्यांच्या म्हणण्याचे सार. पुढे १९७३ मध्ये न्या. कृष्ण अय्यर यांनी एका रेल्वे कर्मचाऱ्याच्या वेतनाच्या प्रकरणात या विचाराची आठवण करून दिली.

दुसरा बदल निवृत्तीच्या पैशाकडे पाहण्याच्या दृष्टीत झाला. १९७१ मध्ये देवकीनंदन प्रसाद यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने पेन्शन ही कृपा नसून हक्काची मालमत्ता आहे असे ठरवले. १७ डिसेंबर १९८२ च्या नाकारा निकालाने ते पक्के केले. त्या पाच जणांच्या पीठात यशवंतराव चंद्रचूड आणि तुळजापूरकर हे दोन महाराष्ट्रातले न्यायमूर्ती होते. पण आपल्या विषयासाठी याहून महत्त्वाचा निकाल त्यानंतर दोन वर्षांनी आला. केरळचे पद्मनाभन नायर मे १९७३ मध्ये निवृत्त झाले. त्यांचे पेन्शन आणि उपदान ऑगस्ट १९७५ मध्ये हाती पडले. मधली सव्वादोन वर्षे कशात गेली? शेवटच्या वेतनाचा दाखला कोणी पाठवायचा, या गोंधळात. त्यांनी पैशासाठी नव्हे, गेलेल्या वेळेसाठी दावा लावला. सहा टक्के व्याज मंजूर झाले, आणि राज्य सरकार तेवढ्यासाठी थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. न्यायालयाने सरकारचे अपील फेटाळले आणि म्हटले की दोषास्पद दिरंगाई झाली तर प्रत्यक्ष पैसे देईपर्यंत चालू बाजारभावाने व्याज हा दंड बसलाच पाहिजे.

पंचाहत्तर रुपयांचा प्रश्न असा पंधरा वर्षांनी, दुसऱ्याच राज्यातल्या माणसाने सोडवून दिला. १९९० च्या दशकाच्या सुरुवातीला ओरिसाच्या पाटबंधारे खात्याच्या एका प्रकरणात घटनापीठाने तत्त्व आणखी मोकळे केले. ज्याच्या हक्काचा पैसा त्याला वापरता आला नाही, त्याला भरपाई मिळाली पाहिजे, मग तिला व्याज म्हणा, नुकसानी म्हणा, काहीही म्हणा. महाराष्ट्राच्या १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांतही १२९-अ आणि १२९-ब हे नियम आले आणि उपदान व पेन्शन यांच्या दिरंगाईवर व्याजाची तरतूद झाली.

आज आमच्याकडच्या राज्य सरकारी कर्मचाऱ्याला सेवेच्या प्रश्नासाठी दिवाणी कोर्टात जावे लागत नाही. १९९१ मध्ये महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण सुरू झाले आणि नंदुरबारसाठी त्याचे खंडपीठ औरंगाबादला, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरला. धुळ्याची वाट आणखी लांबली, रस्ते मात्र सुधारले. १९९८ पासून आमचा जिल्हा नंदुरबार झाला, त्याने या प्रवासात फरक पडला नाही. घड्याळ इथेही आहे. अर्ज देऊन सहा महिने वाट पाहायची, उत्तर आले नाही तर त्यानंतर एका वर्षाच्या आत न्यायाधिकरणाकडे जायचे. स्मरणपत्रांमागून स्मरणपत्रे लिहीत बसणाऱ्याची मुदत त्या स्मरणपत्रांनी वाढत नाही.

व्याजाचा १८३९ चा कायदाही गेला, १९७८ चा आला. न्यायालयाचा हात त्याने बराच मोकळा केला, पण एक जुनी अट त्यात वेगळ्या शब्दांत उरली आहे. लेखी करारात तारीख नसेल तर व्याज मोजायचे ते ‘व्याज मागणार आहे’ असे कळवणाऱ्या लेखी नोटिशीतल्या तारखेपासून. म्हणून गावात कोणी निवृत्त झाला आणि अर्जाचा मसुदा दाखवायला आला की मी दोन गोष्टी पाहतो. मूळ चलनाची नक्कल जोडली आहे का, आणि शेवटी ही ओळ आहे का: अमुक तारखेपर्यंत रक्कम न मिळाल्यास त्या तारखेपासून व्याजाची मागणी करण्यात येईल. बहुतेकांना ती ओळ उद्धट वाटते. साहेबांना राग येईल, म्हणतात. मी सांगतो, ‘कृपावंत होऊन’ वाटल्यास राहू द्या, पण ही ओळही राहू द्या.